खेकडे पकडण्याचा व्यवसाय (कोकण किनारा)

खेकडे पकडण्याचा व्यवसाय हा कोकणातील खाडीकाठच्या वस्त्यांचा जुना पूरक व्यवसाय असून अनेक गरीब कुटुंबांचा तो मुख्य आधार आहे. महाराष्ट्राला सुमारे ७२० किलोमीटर लांबीचा समुद्रकिनारा लाभला असून वसई, ठाणे, धरमतर, राजपुरी, बाणकोट, दाभोळ, जयगड, विजयदुर्ग, तेरेखोल इत्यादी खाड्या या किनाऱ्यात दूरवर शिरल्या आहेत. खाड्यांच्या दोन्ही काठांना कांदळवने व चिखलाची मैदाने असून तेथेच खाण्याजोगा मोठा खेकडा वाढतो. खोल समुद्रातील मासेमारीला होडी, इंजिन, जाळी, डिझेल व बर्फ यांवर मोठे भांडवल गुंतवावे लागते. खेकडे पकडणाऱ्याला यांपैकी काहीच लागत नाही. लोखंडाची एक आकडी, एक पाटी किंवा गोणपाट आणि भरती-ओहोटीचे ज्ञान एवढ्यावर हे काम चालते. त्यामुळे ज्यांच्याकडे होडी नाही अशा स्त्रिया, वृद्ध, भूमिहीन आणि आदिवासी यांच्या हाती हा व्यवसाय प्रामुख्याने राहिला आहे. होडीची नोंद होते, पायी चालणाऱ्या मच्छीमाराची होत नाही. या व्यवसायाच्या आजच्या अडचणींपैकी बऱ्याच अडचणींचे मूळ या एका गोष्टीत आहे.

नावे आणि जाती

प्रमाण मराठीत ‘खेकडा’ हा शब्द सर्व जातींसाठी वापरला जातो. पालघर, ठाणे, मुंबई व रायगड या भागांतील कोळी व आगरी बोलींत खाडीतील मोठ्या खेकड्याला ‘चिंबोरी’ म्हणतात. मालवणी व कोकणी बोलींत त्यालाच ‘कुर्ली’ असे नाव आहे. भातखाचरांत व ओढ्यांत सापडणाऱ्या लहान खेकड्यांना रायगडच्या परिसरात ‘मुठे’ म्हणतात. चिंबोरी हा शब्द स्त्रीलिंगी असला तरी तो नर व मादी या दोहोंनाही लावतात.

व्यापाराच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा तो कांदळवनातील चिखली खेकडा. पूर्वी याच्या जातींविषयी अभ्यासकांत बराच घोळ होता. १९९८ मध्ये झालेल्या वर्गीकरणानंतर सिला या प्रजातीत चार जाती मानल्या जाऊ लागल्या. त्यांपैकी सिला सेराटा (हिरवट रंगाची, आकाराने मोठी) आणि सिला ऑलिव्हेशिया (तांबूस नांग्यांची, तुलनेने लहान) या दोन जाती भारताच्या किनाऱ्यावर आढळतात. हिरव्या जातीचा पूर्ण वाढलेला नर दोन किलोग्रॅमपेक्षाही जड भरू शकतो; मात्र एवढा मोठा खेकडा आता क्वचितच हाती लागतो.

उघड्या समुद्रात मिळणारे खेकडे वेगळे. निळा पोहणारा खेकडा, पाठीवर तीन ठिपके असलेला खेकडा आणि पाठीवर क्रूसासारखी खूण असलेला खेकडा या त्यांतील प्रमुख जाती होत. मागच्या पायांची जोडी वल्ह्यासारखी चपटी असल्यामुळे ते उत्तम पोहतात. ते ट्रॉलरच्या व इतर जाळ्यांत मासळीबरोबर सापडतात. जाळ्यात अडकलेला खेकडा धागे तोडतो व सोडवताना फार वेळ घेतो, म्हणून कोळी त्याचे विशेष स्वागत करीत नाहीत. जाळी किनाऱ्यावर आणल्यावर त्यातील खेकडे सोडवण्याचे काम बहुधा घरातील स्त्रियांकडे असते. प्रस्तुत लेखात मुख्यतः खाडीतील खेकड्यांचा विचार केला आहे.

नर व मादी ओळखण्याची खूण पोटाच्या बाजूला असते. नराच्या पोटावरील पडदा अरुंद व त्रिकोणी, तर प्रौढ मादीचा रुंद व गोलाकार असतो. मादीच्या कवचाखालील केशरी अंडाशयाला ‘लाख’ म्हणतात. लाखेने भरलेल्या मादीला बाजारात चांगली मागणी असते, आणि प्रजननक्षम मादी पकडली जाण्याचे एक मोठे कारणही हेच आहे. वास्तविक एक मादी एका वेळी लाखो अंडी घालते. त्यासाठी ती खाडी सोडून समुद्राकडे जाते. अंड्यांतून बाहेर पडलेली सूक्ष्म पिले काही आठवडे समुद्राच्या पाण्यात तरंगत अवस्थांतरे पूर्ण करतात आणि नंतर पुन्हा खाडीच्या तोंडातून कांदळवनाकडे येतात. खाडीचे तोंड मोकळे असणे खेकड्याच्या जीवनक्रमाला का आवश्यक आहे हे यावरून कळते.

भरती-ओहोटी आणि कामाचे वेळापत्रक

खेकडे पकडणाऱ्याचा दिवस घड्याळापेक्षा पंचांगावर अधिक अवलंबून असतो. भरतीची वेळ दररोज सुमारे पन्नास मिनिटांनी पुढे जाते. ती काढण्याची एक सोपी रीत कोकणात पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे. त्या दिवशीच्या तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची वेळ मिळते. चतुर्थीला चाराची पाऊणपट तीन, म्हणून तीन वाजता भरती. अष्टमीला आठाची पाऊणपट सहा, म्हणून सहा वाजता. पौर्णिमा किंवा अमावास्या ही पंधरावी तिथी धरली असता सव्वाअकरा ही वेळ येते. भरतीनंतर सुमारे सहा तासांनी ओहोटी पूर्ण होते. स्थानपरत्वे या वेळांत थोडा फरक पडतो, पण चिखलात उतरण्याची वेळ ठरवण्यास हा हिशेब पुरेसा असतो.

अमावास्या व पौर्णिमा यांच्या आसपास उधाणाची भरती येते, आणि त्याच दिवसांत ओहोटीचे पाणीही सर्वाधिक दूर जाते. एरवी पाण्याखाली असणारा चिखल उघडा पडतो आणि तेथील बिळे हाताच्या टप्प्यात येतात. वरील गणिताप्रमाणे अशा दिवशी ओहोटी पहाटे पाचच्या व सायंकाळी साडेपाचच्या सुमारास पूर्ण होते. त्यामुळे उधाणाच्या दिवसांत खेकडे पकडणाऱ्या स्त्रिया अंधार असतानाच घर सोडतात. पाणी उतरत असताना त्याच्यामागोमाग चालत जायचे आणि ते वळले की त्याच्या पुढे परतायचे, असा हा तीन-चार तासांचा अवधी असतो. परत फिरण्यास उशीर झाला तर मधले ओहोळ भरून वाट बंद होते. अष्टमीच्या सुमारास येणाऱ्या भांगाच्या भरतीत पाण्याची चढउतार कमी असते; त्या दिवसांत बिळांपेक्षा पाण्यात लावायच्या साधनांवर भर दिला जातो.

खेकडा अमावास्येच्या सुमारास भरलेला व पौर्णिमेच्या सुमारास पोकळ असतो, असा किनाऱ्यावर सर्वत्र समज आहे. मासळीबाजारात चोखंदळ ग्राहक तिथी पाहून चिंबोऱ्या घेतात. खेकडा कात टाकून वाढतो ही गोष्ट या समजुतीच्या मुळाशी आहे. जुने कवच टाकल्यावर त्याचे शरीर पाणी शोषून फुगते, नवे कवच मऊ असते आणि आत मांस कमी असते. असा खेकडा हातात हलका लागतो व शिजवल्यावर त्यात पाणीच निघते. व्यापारी त्याला ‘पाण्याचा खेकडा’ म्हणून बाजूला काढतात व भाव पाडतात. प्रत्येक खेकड्याची कात टाकण्याची वेळ त्याच्या वयावर व आहारावरही ठरते, त्यामुळे तिथीचा नियम सरसकट लागू पडत नाही. अनुभवी विक्रेती तिथीवर न विसंबता खेकड्याच्या पोटाकडील कवच बोटाने दाबून पाहते.

वर्षाचेही एक चक्र आहे. १ जून ते ३१ जुलै या काळात यांत्रिक नौकांच्या मासेमारीला राज्यात बंदी असते. समुद्र खवळलेला असतो, बंदरे ओस पडतात, परंतु खाडीतील पायी मासेमारी चालू राहते. पावसाच्या गोड्या पाण्याने खाडीचा खारेपणा कमी झाला की खेकड्यांची हालचाल वाढते. आषाढ अमावास्येच्या आधीचे दिवस मागणीचे असतात. श्रावणात मांसाहार वर्ज्य करणारी घरे बरीच असल्यामुळे भाव उतरतो. नारळी पौर्णिमेनंतर होड्या समुद्रात जातात आणि बाजारात मासळीची आवक वाढते, तेव्हा खेकड्याचे महत्त्व पुन्हा दुय्यम होते. म्हणजे दर्यावरच्या मच्छीमारासाठी जो काळ रिकामा, तोच खाडीवरच्यांसाठी हंगाम.

पकडण्याच्या पद्धती

सर्वांत जुनी पद्धत बिळातून खेकडा काढण्याची आहे. खेकड्याचे बीळ चिखलात तिरके जाते आणि त्याच्या तळाशी पाणी साठलेले असते. बीळ रिकामे की वसलेले हे त्याच्या तोंडावरून ओळखतात. ताजा उकरलेला चिखल आणि तोंडाशी नखांचे ओरखडे असले की खेकडा आत असतो. कोरडे, गुळगुळीत व कडा ढासळलेले तोंड सोडून दिले जाते. मग टोकाला वाकवलेली लोखंडी आकडी बिळात सारतात. ती कवचावर आपटली की होणारा कठीण स्पर्श हाताला कळतो. दगडाचा, मुळाचा व कवचाचा स्पर्श वेगवेगळा असतो. डिवचलेला खेकडा बहुधा आकडीलाच नांगीने धरतो. त्याला सावकाश ओढत बाहेर आणतात. घाई केली तर तो नांगी तोडून टाकतो आणि मागे सरतो. तुटलेली नांगी पुढच्या काती टाकताना पुन्हा येते, परंतु एका नांगीच्या खेकड्याला बाजारात निम्माही भाव मिळत नाही. म्हणून या कामात बळापेक्षा सबुरीची किंमत अधिक आहे. काही जाणकार आकडी न वापरता खांद्यापर्यंत हात बिळात घालतात. बिळात साप किंवा वाम असण्याचा संभव असल्यामुळे ही पद्धत धोक्याची आहे.

दुसरी पद्धत ‘फग’ लावण्याची. लोखंडी किंवा वेताच्या गोल कड्याला सैलसर जाळे बांधतात, जाळ्याच्या मध्यभागी माशाचे डोके किंवा कोंबडीची आतडी असे आमिष बांधतात आणि दोरीने ते ओहोळाच्या तळाशी सोडतात. भरतीचे पाणी चढू लागले की खेकडे अन्नाच्या शोधात बाहेर पडतात. काही मिनिटांनी दोरी झटक्यात ओढून कडे वर घेतले जाते. एक माणूस ओहोळाच्या काठाने असे आठ-दहा फग लावतो आणि एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फेऱ्या घालतो. फग सावकाश ओढला तर खेकडा काठावरून उतरून जातो. म्हणजे बिळाशी जी सबुरी लागते तिच्या अगदी उलट येथे चपळाई लागते. लहान मुले याहून साधा खेळ करतात. दोरीला नुसते आमिष बांधून पाण्यात सोडायचे, खेकड्याने ते धरले की दोरी हळूहळू वर घ्यायची आणि खालून टोपली किंवा झोळी लावायची. अन्नाला चिकटून राहण्याचा खेकड्याचा स्वभाव येथे त्याच्यावर उलटतो.

खडकाळ किनाऱ्यावर, विशेषतः रत्नागिरी व सिंधुदुर्ग जिल्ह्यांत, रात्री ओहोटीच्या वेळी बत्ती किंवा बॅटरी घेऊन खेकडे धरतात. प्रकाशाने खेकडा क्षणभर स्तब्ध होतो आणि मागून हात घालून त्याला दाबता येते. अलीकडे घडीचे तयार सापळेही खाड्यांत दिसू लागले आहेत. ते स्वस्त व सोपे असले तरी वाहून गेलेला नायलॉनचा सापळा पाण्यात तसाच राहतो आणि त्यात शिरलेला खेकडा कोणाच्याही उपयोगाला न येता मरतो.

पकडल्यानंतर नांग्या बांधणे हे स्वतंत्र कौशल्य आहे. खेकड्याला पायाने किंवा तळहाताने पाठीवर दाबून धरतात, दोन्ही नांग्या पुढे दुमडतात आणि सुतळीचा फेरा देऊन गाठ मारतात. सराईत हाताला याला काही क्षण पुरतात. न बांधलेले खेकडे एकत्र ठेवले तर ते एकमेकांचे पाय तोडतात. एकमेकांचे पाय ओढणाऱ्या माणसांसाठी मराठीत ‘खेकड्याची वृत्ती’ असा शब्दप्रयोग रूढ आहे, आणि उघड्या टोपलीतून एकही खेकडा बाहेर पडत नाही असे सांगितले जाते. प्रत्यक्षात खेकडे बांधल्याखेरीज उघड्या टोपलीत ठेवण्याचे धाडस कोणताही मच्छीमार करणार नाही. बांधलेले खेकडे ओल्या गोणपाटात, सावलीत, कांदळाचा पाला घालून ठेवले असता काही दिवस जिवंत राहतात.

दुखापती ठरलेल्याच असतात. मोठ्या नांगीच्या पकडीत सापडलेले बोट मोडू शकते. चिखलात दडलेल्या कालवांच्या धारदार शिंपल्यांनी तळपाय कापले जातात, शिंगाळ्याचा काटा लागतो, आणि खाऱ्या पाण्यात जखम लवकर भरून येत नाही. तासन्‌तास वाकून व गुडघाभर चिखलात चालून कंबर व सांधे दुखतात. शहरांलगतच्या खाड्यांत याखेरीज काचा, पत्रे व सांडपाणी यांची भर पडली आहे.

व्यवसाय करणारे समाज

किनाऱ्यावरील सोनकोळी, मांगेला, वैती, खारवी, गाबीत व दालदी हे समाज समुद्री मासेमारीशी जोडलेले आहेत. भोई व आगरी खाडीत व खाजणात मासेमारी करतात. या सर्वांत खेकडे पकडणारी माणसे आढळतात. मात्र पुरुष होडीवर व स्त्री चिखलात अशी कामाची वाटणी पुष्कळ ठिकाणी आहे. चिखलातील काम करणारी स्त्री एका फेरीत केवळ खेकडेच आणते असे नाही. तिसऱ्या, कालवे, लहान कोळंबी असे जे मिळेल ते ती गोळा करते. त्यातील काही विकते आणि उरलेले घरच्या कालवणात जाते. या दुसऱ्या वाट्याचा पैशांत हिशेब होत नसल्याने तिचे उत्पन्न नेहमी कमी धरले जाते.

रायगड जिल्ह्यातील पेण, उरण, पनवेल आदी तालुक्यांत खाडीकाठच्या कातकरी वाड्यांसाठी खेकडा विशेष महत्त्वाचा आहे. कातकरी ही महाराष्ट्रातील तीन आदिम जमातींपैकी एक होय. अन्य दोन कोलाम व माडिया गोंड. खैराच्या लाकडापासून कात काढणे हा त्यांचा मूळ व्यवसाय. जंगलावरील निर्बंधांनी तो मोडल्यावर ही माणसे मजुरीकडे वळली. दिवाळीनंतर उचल घेऊन वीटभट्टीवर जायचे आणि पावसाच्या तोंडी परतायचे, असे अनेक कुटुंबांचे वर्ष जाते. परत आल्यावर भातलावणीची मजुरी मिळेपर्यंत व ती संपल्यावर हातात काहीच नसते. त्या दिवसांत मुठे, चिंबोऱ्या व चढणीचे मासे यांवर चूल पेटते. त्यांच्याजवळ पुष्कळदा आकडीही नसते. हात आणि डोळा एवढीच साधने. सहकारी मच्छीमार संस्थांचे सभासदत्व मात्र त्यांच्यापैकी फार थोड्यांकडे असते.

विक्री

गावात व रस्त्याच्या कडेला खेकडे नगावर किंवा वाट्यावर विकले जातात. मुंबई-गोवा महामार्गावर पावसाळ्यात खेकड्यांच्या माळा घेऊन उभ्या असलेल्या बायका-मुले प्रवाशांच्या परिचयाची आहेत. व्यापारी मात्र वजनावर घेतो आणि आकार, नांग्या व भरीवपणा पाहून प्रतवारी लावतो. मोठा, भरीव व दोन्ही नांग्या शाबूत असलेला खेकडा मुंबई-गोव्यातील उपाहारगृहांकडे किंवा निर्यातीकडे जातो. भारतातून जिवंत खेकडे आग्नेय आशियातील देशांत व चीनमध्ये पाठवले जातात.

खेकड्याला बर्फ लागत नाही, हा त्याचा गुण. मेलेला खेकडा लवकर नासतो व कोणी घेत नाही, हा दोष. जिवंत असेतोवरच माल, अशा स्थितीत विकणाऱ्याला भावासाठी थांबता येत नाही. संध्याकाळची ओहोटी साधून आलेली स्त्री रात्री बाजार गाठू शकत नाही, म्हणून गावातल्या एकुलत्या एका व्यापाऱ्याचा भाव तिला मान्य करावा लागतो.

खारबांध आणि खेकडा

खेकड्याविषयी खाडीकाठच्या सर्वांनाच आपुलकी आहे असे नाही. भरतीचे पाणी भातशेतीत शिरू नये म्हणून कोकणात मातीचे खारबांध घातलेले असतात व साचलेले पावसाचे पाणी सोडण्यासाठी त्यांना उघाड्या ठेवलेल्या असतात. या बांधांची देखभाल महाराष्ट्र खारभूमी विकास अधिनियम, १९७९ अन्वये शासकीय यंत्रणेकडे आली. त्यापूर्वी गावकरी एकत्र येऊन ती करीत. खेकडे बांधात बिळे करतात, त्यांतून उधाणाचे पाणी झिरपते आणि वेळीच माती भरली नाही तर बांधाला खांड पडते. एकदा खारे पाणी शिरले की ते शेत काही वर्षे नापीक होते. म्हणून शेतकऱ्याच्या दृष्टीने बांधावरील खेकडा काढून नेणारा माणूस उपकारकर्ता ठरतो, आणि बीळ उकरून तसेच सोडणारा अपराधी.

२ जुलै २०१९ रोजी चिपळूण तालुक्यातील तिवरे धरण फुटून जीवितहानी झाली, तेव्हा तत्कालीन जलसंधारणमंत्र्यांनी खेकड्यांनी धरण पोखरल्याचे सांगितले होते. त्यावर राज्यभर टीका झाली व निषेध म्हणून आंदोलकांनी खेकडेच आणून टाकले. खेकडा बांध पोखरतो हे खरे. पण खारबांधाशी ज्यांचा रोजचा संबंध आहे त्यांना हेही ठाऊक असते, की बीळ दिसल्यावर ते बुजवणे हेच बांध राखणाऱ्याचे काम आहे.

खाडीतील बदल आणि नुकसानभरपाईचा प्रश्न

१९७० मध्ये सिडकोची स्थापना होऊन नवी मुंबईच्या उभारणीस प्रारंभ झाला आणि १९८९ मध्ये न्हावा शेवा येथील जवाहरलाल नेहरू बंदर सुरू झाले. ठाणे, पनवेल व उरण परिसरातील खाजणे, मिठागरे आणि कांदळवने यांवर या विकासाचा मोठा भार पडला. भराव घातला की केवळ तेवढीच जमीन जाते असे नाही. भरतीचे पाणी ज्या ओहोळातून आत येते तो बुजला, तर त्याच्यामागचे कांदळवन वाळते आणि खेकड्याची पिले तेथवर पोहोचतच नाहीत. ७ ऑगस्ट २०१० रोजी मुंबई बंदराजवळ ‘एमएससी चित्रा’ व ‘खलीजिया’ या जहाजांची टक्कर होऊन तेलगळती झाली. त्या तेलाचा थर खाड्यांच्या चिखलापर्यंत पोहोचला आणि काही काळ लोकांनी मासळी खाणेच टाळले.

उरण परिसरातील पारंपरिक मच्छीमारांनी बंदराच्या विस्ताराविरुद्ध राष्ट्रीय हरित लवादाकडे दाद मागितली. भरतीच्या पाण्याची वाट अरुंद झाली, कांदळवने नष्ट झाली आणि त्यामुळे उपजीविका बुडाली, असे त्यांचे म्हणणे होते. लवादाच्या पुणे येथील पीठाने २७ फेब्रुवारी २०१५ रोजी निकाल देऊन उरण कोळीवाडा, हनुमान कोळीवाडा, गव्हाण व बेलपाडा येथील १,६३० कुटुंबांना एकूण ९५ कोटी १९ लाख २० हजार रुपये, म्हणजे प्रत्येकी ५ लाख ८४ हजार रुपये, भरपाई द्यावी असा आदेश दिला. जमीन ज्यांच्या नावावर नाही अशा लोकांच्याही उपजीविकेला मोल आहे, हे या निकालाने मान्य केले. ठाणे खाडीवरील तिसऱ्या वाशी पुलाच्या संदर्भात मरिआई मच्छीमार सहकारी संस्थेने केलेल्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२१ मध्ये अशाच स्वरूपाची भूमिका घेतली. पुलाचे काम न थांबवता, बाधित मच्छीमारांना भरपाई देण्याची कार्यपद्धती ठरवण्यास न्यायालयाने सांगितले.

भरपाई ठरवताना प्रश्न उभा राहतो तो पुराव्याचा. महाराष्ट्र सागरी मासेमारी नियमन अधिनियम, १९८१ हा मुख्यतः नौकांची नोंदणी व परवाने यांच्याभोवती रचलेला आहे. डिझेलवरील सवलतही नौकेशी निगडित. बंदरावर उतरणाऱ्या मासळीची आकडेवारी गोळा होते. दारात किंवा रस्त्यावर विकलेल्या पाटीभर चिंबोऱ्यांची होत नाही. मुंबईच्या सागरी किनारा मार्गाच्या वेळी वरळी कोळीवाड्यातील मच्छीमारांनी होड्या सुखरूप जाव्यात म्हणून पुलाच्या खांबांतील अंतर वाढवण्याची मागणी केली आणि दीर्घ संघर्षानंतर २०२२ मध्ये ते ६० मीटरवरून १२० मीटर करण्याचे मान्य झाले. होडीला वाट किती लागते हे मोजता येते. चिखलात पायी जाणाऱ्या बाईची वाट कोणत्याही नकाशावर नसल्यामुळे तिच्या बाबतीत वाटाघाटीला आधारच उरत नाही.

कांदळवनांच्या संरक्षणाने या व्यवसायाला एका बाजूने जीवदान दिले आहे. मुंबई उच्च न्यायालयाने २००५ मध्ये कांदळवनांची तोड व त्यांच्याभोवती ५० मीटरच्या आत बांधकाम यांवर बंदी घातली, आणि २०१८ च्या अंतिम निकालात ती कायम केली. २०१२ मध्ये राज्यात स्वतंत्र कांदळवन कक्ष स्थापन झाला. दुसऱ्या बाजूने, शासकीय जमिनीवरील कांदळवनांना वनाचा दर्जा मिळाल्यावर तेथे पिढ्यान्‌पिढ्या जाणाऱ्यांच्या वहिवाटीचे काय, हा प्रश्न पुढे आला. २००६ च्या वनहक्क कायद्यात मासे व जलाशयांतील इतर उत्पादने यांवरील सामूहिक हक्काचा उल्लेख आहे, परंतु खाडीकाठच्या वाड्यांवर त्याची माहिती डोंगरातील पाड्यांइतकी पोहोचलेली नाही.

खेकडापालन

कांदळवन कक्षाच्या पुढाकाराने २०१७ पासून किनाऱ्यावरील गावांत कांदळवन संवर्धन व उपजीविका निर्माण योजना राबवली जाते. तिच्यात बचत गटांना खेकडापालनासाठी अनुदान मिळते. कांदळवनात बांबू व जाळी यांचे कुंपण घालून किंवा तळी खोदून त्यांत खेकड्यांची पिले सोडतात. पिलांचा पुरवठा तामिळनाडूतील राजीव गांधी जलकृषी केंद्राच्या बीजोत्पादन केंद्रातून होतो. विक्रीयोग्य वाढीला आठ-नऊ महिने लागतात. ‘पाण्याचे खेकडे’ स्वस्तात घेऊन तीन-चार आठवडे खाऊ घालून भरीव करणे हा दुसरा, कमी वेळाचा प्रकार आहे. खेकडे परस्परांना खातात, आणि कात टाकलेला मऊ खेकडा तर आयताच बळी पडतो. त्यामुळे सोडलेल्या पिलांपैकी बरीच हाती लागत नाहीत. काही ठिकाणी प्रत्येक खेकड्याला स्वतंत्र खोका देऊन यावर उपाय केला जातो. खाद्य म्हणून लागणारी हलकी मासळी रोज विकत घ्यावी लागते, आणि दूरवरून आणलेली पिले वाटेत मरण्याचा धोका असतो. गटातील स्त्रियांना यातून उत्पन्नाची स्वतंत्र नोंद मिळते, हा या योजनेचा सर्वांत ठोस लाभ म्हणता येईल. ज्यांचे कोणत्याच गटात नाव नाही अशा वाड्यांवर तो पोहोचायचा आहे.

घाटावरील खेकडे

सह्याद्रीच्या पूर्वेस, समुद्रापासून दूर असलेल्या जुन्नर व आंबेगाव (जि. पुणे) या तालुक्यांतही खेकडे पकडण्याची रीत आहे, पण तो खेकडा गोड्या पाण्यातला व तेथील काम हंगामी. या तालुक्यांच्या पश्चिमेकडील डोंगराळ पट्ट्यात महादेव कोळी व ठाकर समाजांची वस्ती आहे. नावात ‘कोळी’ असले तरी महादेव कोळी हे डोंगरातले शेतकरी असून किनाऱ्यावरच्या सोनकोळ्यांहून वेगळे आहेत. पहिल्या जोराच्या पावसात ओढे वाहू लागले की काळे खेकडे दगडांखालून व बिळांतून बाहेर पडतात. रात्री बत्ती घेऊन ते धरतात, आणि बरेचसे घरीच खातात. पूर्वेकडे उतरल्यावर, ज्वालामुखीच्या राखेच्या थरामुळे भूशास्त्रज्ञांना परिचित असलेल्या कुकडीकाठच्या बोरी बुद्रुकसारख्या बागायती गावांत खेकडा हा ओढ्याकाठचा पावसाळी खाऊ असतो. सर्दी-खोकल्यावर त्याचा रस्सा गुणकारी मानला जातो.

गोड्या पाण्यातील खेकड्याचा जीवनक्रम खाडीतील खेकड्यापेक्षा अगदी भिन्न आहे. त्याची मादी मोजकीच पण मोठी अंडी घालते, ती पोटाखाली वागवते आणि त्यांतून थेट लहान खेकडेच बाहेर पडतात. ही पिलेही काही काळ आईच्या पोटाला बिलगून असतात. त्यामुळे एका ओढ्यातील खेकडे संपले तर समुद्रातून नवी पिले वाहत येण्याची सोय तेथे नाही. पश्चिम घाटात अशा खेकड्यांच्या कित्येक जाती एकेका डोंगरापुरत्याच मर्यादित असून त्यांतील काहींची नोंद २०१६ नंतरच झाली आहे. डोंगरातील अनेक घरांत पिले बिलगलेली मादी हाती लागल्यास ती पुन्हा पाण्यात सोडतात.